मुक्ताला पत्र : सुभेदारसाहेबांच्या आठवणी टिपताना

चि. मुक्तास,
अनेक आशीर्वाद.

एकाहत्तरच्या लढाईच्या आठवणी टिपण्यासाठी केलेली तुझी प्रश्नावली वाचली. "शत्रू समोर दिसला तेव्हा काय वाटलं?" हा प्रश्न काढून टाक. त्याला सव्वीस जानेवारीच्या भाषणासारखं ठरीव उत्तर मिळतं. खंदक किती खोल होता, माती कसली होती, पाणी कोण आणायचं, पाठीवर काय काय होतं, ओले बूट कधी सुकले, हे विचार. हातापायांना जे आठवतं ते सहसा खरं असतं.

तारखा तशा भरवशाच्या नसतात, पण बोलता बोलता टोकू नकोस. 3 डिसेंबरच्या संध्याकाळी पाकिस्तानचे हवाई हल्ले झाले आणि 16 ला ढाक्यात शरणागती, एवढंच आपण शिकलेलो असतो. म्हणून सुभेदारसाहेब "आम्ही नोव्हेंबरातच आत होतो" म्हणाले तर ती चूक समजशील. पूर्व पाकिस्तानच्या हद्दीतल्या गरीबपूरची लढाई 21 नोव्हेंबरची आहे! रात्र ठरवायची तर चंद्राचं विचार. 2 डिसेंबरला पौर्णिमा होती, 17 ला अमावास्या. लख्ख चांदणं आठवत असेल तर तो पहिला आठवडा. 10 नंतर चंद्र मध्यरात्र उलटल्यावरच उगवत होता.

शिपायाला आपल्या सेक्शनपलीकडचं, म्हणजे दहाएक जणांच्या तुकडीपलीकडचं, फारसं दिसत नाही. ब्रिगेडच्या हालचाली सांगू लागले की हळूच विचार, "हे पाहिलंत की मागाहून कळलं?" दोन्ही ठेव, फक्त वेगळं नोंदव. हुद्दाही त्या दिवशीचा लिही. आजचे सुभेदारसाहेब तेव्हा साधे शिपाई असू शकतात. "दोनशे गज" म्हणाले तर गजच लिही. कोरा कागद देऊन नदी, बांध, मशीनगन आणि उत्तर दिशा त्यांच्याच हातानं काढून घे. निम्मे घोळ तिथेच सुटतात.

किती मारले, हे विचारू नकोस. गप्प झाले तर तूही गप्प राहा, रेकॉर्डिंग चालू ठेव. हातानं थांब म्हणाले तर लगेच बंद कर. एका बैठकीला तास-दीड तास पुरे, आणि शेवट गोळीबारावर नको. सुट्टीवर घरी कसे पोचले, तिथपर्यंत आणून मग उठ.

तोफांजवळ राहिलेल्यांना बहुधा कमी ऐकू येतं, तेव्हा चांगल्या कानाच्या बाजूला बस. पंखा बंद, मोबाईल एअरप्लेन मोडवर, कॉलरचा माईक हनुवटीखाली वीतभर. एमपी३ नको. 48 किलोहर्ट्झ, 24 बिट वेव्ह (WAV) फाईल ठेव. मोनोत तासाला साधारण 520 एमबी होतात. सुरुवातीला तारीख, जागा, नाव, पलटण, कंपनी मोठ्यानं बोलून घे, कारण फाईलचं नाव बदलतं, आवाज बदलत नाही.

संमतीपत्रावर सही बैठकीनंतर घे, कोणता भाग बंद ठेवायचा ते त्यांना तेव्हाच कळतं. सहकाऱ्याच्या मृत्यूचा तपशील असेल तर त्याच्या घरच्यांचा विचार आधी. त्याच रात्री तीन प्रती कर, त्यातली एक दुसऱ्या घरी.

तुझे बाबा