कसायाची बाटली पाठवतोय

सावईवेरे, फोंडा
श्रावणातला दुसरा शुक्रवार

चि. मुग्धास,
अनेक आशीर्वाद.

परवा रात्री पावसाने कौलांवर धिंगाणा घातला म्हणून उठलो, वेळ बघायला मोबाइल हातात घेतला तर तिकडे पुण्यात तू ऑनलाइन, जागी. पावणेदोन वाजले होते. सकाळी विचारलं तर म्हणालीस, "झोपच लागत नाही बाबा. चहा सोडायचा म्हणते, पण मग प्यायचं काय?" मी कसायाचं, आपल्या धन्याजिऱ्याच्या काढ्याचं, सांगायला घेतलं आणि 'धने साधारण वाटीभर' इथवर पोचलो, तोच तुझी मीटिंग लागली. बरंच झालं. वाटीभर म्हणजे कुठली वाटी, यावर तुझ्या आजीचं आणि आईचं कधी एकमत झालं नाही. आता सगळं वजन करून लिहितोय.

आधी हिशेब, कारण इतकी वर्षं मुलांना विज्ञान शिकवलं ती खोड जाणार नाही. चहाच्या कपात साधारण ४०-५० मिलिग्रॅम कॅफीन असतं, कॉफीत त्याच्या दुप्पट धर. घेतलेल्यातलं निम्मं अंगातून जायला सरासरी पाच तास लागतात. कुणाला तीन पुरतात, कुणाला सातही लागतात. रात्री साडेआठच्या कॉलआधी तू तो बादलीएवढा मग पितेस ना, त्यातला अर्धा दीड वाजता तुझ्याबरोबर गादीवर असतो. मग झोपेने यायचं कुठून?

मी २०२२ च्या गणेशचवथीनंतर चहा सोडला तो एका दिवसात. नैवेद्य दाखवल्यासारखा कप खाली ठेवला आणि संपलं म्हणालो. दुसऱ्या दिवशी दुपारी डोकं असं धरलं की कुळागरात, सुपारीच्या बागेत, पाणी लावायला गेलो तो पाट न फोडताच परत आलो. चार दिवस तुझ्या आईशी धड बोललो नाही. ती अजून ते काढते. अशी डोकेदुखी आठवडाभर सुद्धा चालू शकते. तू हा शहाणपणा करू नकोस. आधी रात्रीचा मग बंद, आठवड्याने दुपारचा. सकाळचा एक राहिला तर राहू दे.

पण माझी खरी चूक त्याच्या पुढची. चहा गेला म्हणून मी चहासारखं काहीतरी शोधत बसलो. पणजीला गेलो की एखादं खोकं घेऊन यायचो. एकावर पानाफुलांचं चित्र, 'हर्बल' असं ठसठशीत. घरी चष्मा लावून मागचं बारीक वाचलं तर तुळस, आलं आणि तिसऱ्या नंबरावर ग्रीन टी! अगे, ग्रीन टी म्हणजे त्याच झाडाची पानं, फक्त वेगळ्या तऱ्हेने सुकवलेली. कॅफीन तिच्यातही असतं. कॅफीन काढलेली कॉफी मिळते, तिच्यातही थोडं उरतंच. मग मी नाचणी काळपट होईस्तोवर भाजली आणि उकळली. रंग हुबेहूब चहाचा आला, चव करपलेल्या भाकरीची. आई म्हणाली, "त्यापेक्षा खिरीसारखं तिझन केलं असतं, नाचणीचं तरी भलं झालं असतं."

चहात जिभेला ओढून धरतं ते त्याचं तुरटपण. ते मसाल्यात नाही, आणू म्हटलं तरी येत नाही. गंमत बघ, संस्कृतात कषाय म्हणजे तुरट, सहा रसांतला एक. काढ्यालाही कषायच म्हणतात, आणि त्याचाच आपला कसाय. पण आपल्या कसायात तुरट म्हणावं असं जवळजवळ काहीच नाही. (पुण्यात हा शब्द जपून वापर. 'घरून कसाय आलाय' असं ऐकलं तर तुझी रूममेट दार लावून घेईल.)

कसाय म्हणजे आजारपण, हे आपल्या डोक्यात लहानपणापासून बसलेलं. ताप, सर्दी, पोट बिघडलेलं, की आजी पितळी पेला घेऊन उशाशी हजर. बरं वाटलं की पेला परत फडताळात. तो मी पहिल्यांदा धडधाकट असताना, दुपारी चारला, सोप्यावर बसून प्यालो आणि पोदेराकडचं, म्हणजे पाववाल्याकडचं, कांकण, तो बांगडीसारखा कडक पाव, त्यात बुडवलं. दुधाचं काहीतरी गरम, धन्याजिऱ्याचा वास, मागून मिरीची झणझण. चहाची आठवण झाली नाही असं नाही, पण हे चहाऐवजी आहे असंही वाटलं नाही. तिथून माझं जमलं.

आता लिहून घे. धने १०० ग्रॅम, जिरं ५०, बडीशेप २५, सुंठ १५, काळी मिरी १०. मेथी एक छोटा चमचा. आई म्हणते घालच, मी म्हणतो निम्मी घाल, कडसर होतं. वेलची आठ-दहा, दालचिनीचा बोटाच्या पेराएवढा तुकडा. धने, जिरं, बडीशेप वेगवेगळी भाज, मंद आचेवर. एकत्र टाकलीस तर धने तयार होईपर्यंत जिरं करपतं. रंगाची वाट बघू नकोस, दाणा चावून बघ. कुरकुरीत तुटला की उतरव. मिरी आणि मेथी नुसती गरम होऊ दे. सुंठ भाजायची नाही, पण आधी बत्त्याने ठेचून घे. अख्खी टाकून मी मिक्सरचं पातं वाकवलंय, आणि दोष मिक्सरला दिलाय. सगळं पुरतं गार झाल्यावरच दळ. गरम दळलंस तर झाकणाला वाफ धरते आणि पुडीचा गोळा होतो.

याची २०० ग्रॅमच्या वर पूड होते. कपाला एक छोटा चमचा, म्हणजे दोनेक ग्रॅम धरले तर शंभर कप. तू पुढच्या वेळी निम्म्याच मापाने कर, पावसाळ्यात वास लवकर उतरतो.

एका माणसाला अर्धा कप पाणी. त्यात पूड टाकून तीन-चार मिनिटं खळखळून उकळ, मग पाऊण कप दूध. वर चढलं की आच बारीक करून आणखी दोन मिनिटं. जमलं तर फुल क्रीमची पिशवी घे. मसाल्याचा वास त्याच्या तेलात असतो आणि ते तेल साईत छान उतरतं. टोन्ड दुधात ३ टक्के स्निग्धांश असतो, फुल क्रीममध्ये ६. तो फरक जिभेला कळतो.

गूळ मात्र गॅस बंद केल्यावर, मिनिटभर थांबून. हे वाक्य खाली रेघ मारून ठेव. गेल्या वर्षी आईच्या माहेरची माणसं आली होती. मी ऐटीत म्हटलं, आज कसाय माझ्या हातचा. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारातून आणलेला माडाचा गूळ होता, तो काळा, निमुळत्या ढेपेचा. फोडून उकळत्या दुधात टाकला. आधी काहीच झालं नाही. मग कडेला बारीक कण दिसायला लागले, मी जोरात ढवळलं, आणि बघता बघता टोपात वर पिवळट पाणी आणि खाली रव्यासारखा चोथा. सहा माणसं सोप्यावर पेल्यांची वाट बघतायत. गुळात थोडा आंबटपणा असतोच, आणि सूर, म्हणजे माडाचा रस, वेळेवर आटवली नाही तर माडाच्या गुळात जास्तच उतरतो. खळखळत्या दुधाला तेवढं फाटायला पुरतं. थोडं निवल्यावर घातला तर बहुतेक वेळा निभावतं. भरवसा वाटत नसेल तर गूळ पेल्यात घाल आणि वरून गाळ. (त्या दिवशी त्या सहा जणांनी कोकम सरबत घेतलं.)

ओलं आलं घालायचा मोह होईल. घाल, पण पाण्यात, दुधाच्या आधी, आणि चांगलं उकळू दे. कच्च्या आल्यात दुधातली प्रथिनं तोडणारा एक पाचक घटक असतो. थेट दुधात किसलंस तर दूध फाटू शकतं. उकळीने त्याचा जोर मोडतो. सुंठेला ही भानगड नाही.

जायफळ पुडीत घातलेलं नाही, मुद्दाम. दळलं की त्याचा वास लवकर निघून जातो. बाटलीबरोबर दोन अख्खी पाठवतोय, आपल्या विहिरीकडच्या झाडाची. सध्या रोज सकाळी झाडाखाली तडकलेली फळं पडलेली असतात. पिवळं साल मधोमध उकलतं आणि आत काळ्या-तपकिरी बीवर जायपत्रीचं लालभडक जाळं, ओलं, चकचकीत. नखाने अलगद सोडवायचं, नाहीतर तुटतं. पत्री वाळली की केशरट-पिवळी होते. बी मात्र या पावसात वाळता वाळत नाही. चुलीवरच्या शिंकाळ्यात दीड-दोन महिने ठेवावी लागते. कानाशी धरून हलवायची. आत गोटी खुळखुळली की वाळली. तुला पाठवलेली गेल्या वर्षीची आहेत, खुळखुळून बघितलीत. कवच अडकित्त्याने फोड. तुझ्याकडे अडकित्ता कुठला असणार, खलबत्ता चालेल.

कसाय गाळला की वरून जायफळ किसणीवर दोनदा, फार तर तीनदा ओढायचं. तू लहान असताना आजी सहाणेवर दुधात दोन वेढे उगाळायची, तेवढंच. झोप येत नाही म्हणून चमचाभर घालशील, तुझा स्वभाव मला ठाऊक आहे. तसं करू नकोस. जायफळ जास्त झालं तर मळमळ, गरगर, छातीत धडधड, आणि चमचा-दोन चमचे पूड पोटात गेली तर दवाखाना गाठावा लागेल.

आणि कसायाने झोप येते असं मी म्हणत नाही. आई म्हणते, ती म्हणू दे. मला वाटतं, चहा पोटात नसतो म्हणून येते. साडेआठला हातात गरम पेला हवा असतो, तो मिळतो, आणि पुढचे पाच तास कुणी जागं ठेवत नाही.

दूध नको असेल त्या दिवशी नारळाचा रस घालून बघ, पण तो उकळू नकोस, फुटतो. चुलीवरून उतरवल्यावर घालायचा. तुमच्याकडे चूल नाही हे लिहिल्यावर आठवलं.

शेजारचा मुलगा उद्या रात्रीच्या बसने पुण्याला निघतोय, त्याच्या हाती बाटली, जायफळं आणि एक डझन कांकणं देतोय. कांकणं त्याने वाटेत खाल्ली नाहीत तर पोचतील. बाटली काचेची आहे, आईची आंब्याच्या लोणच्याची. तिला न विचारता घेतलीय. चवथीला येशील तेव्हा आठवणीने परत आण, आणि आल्या आल्या माझ्या हातात दे, तिच्या नको.

तुझा,
बाबा