‘हतबल’ हा शब्द मागे घ्या

संपादक महोदय,

कालच्या पुरवणीत युगांडावरचा लेख वाचला. ‘एड्सच्या विळख्यातील हतबल स्त्रिया’ हे शीर्षक ज्यांना सुचलं, ते एन्टेबे विमानतळाबाहेर तरी पडले होते का, एवढंच विचारायचं आहे.

यजमानांच्या नोकरीमुळे १९९४ ते ९९ आम्ही कम्पालात होतो. गल्लीच्या तोंडाशी एक बाई मटोके विकायची. (मटोके म्हणजे वाफवून खायची कच्ची केळी. तुम्ही छापलंय तशी ‘केळ्यांची भाजी’ नव्हे.) तिचा नवरा ‘स्लिम’ने गेला. माणूस वाळत जातो म्हणून तिकडे ते नाव. त्याला पुरून आठवडा झाला नाही तोच दीर घराचे पत्रे मोजायला हजर! लागण तिलाही झाली होतीच.

एक दिवस ती शाळेची वही घेऊन डिंक मागायला आली, फोटो चिकटवायला. अशा बायका मुलांसाठी आठवणींच्या वह्या लिहायच्या. मी म्हटलं, वाचून दाखव. वाटलं, रडगाणं असेल. निघालं काय? धाकटीला गोवर कधी आला, बापाचं कूळ कोणतं, जमिनीच्या बांधावर कुठली झाडं, कागद कुणाकडे ठेवलेत. आणि शेवटी, आमच्याकडे दोन घडांचे पैसे बाकी आहेत हेसुद्धा! ओशाळून लगेच दिले.

आम्ही परतायच्या आदल्या वर्षी ती गेली. मुलं जाजाकडे, म्हणजे आजीकडे. तिच्याकडे आधीच तीन नातवंडं होती. पण वही मुलांबरोबर गेली, आणि जमीन दिराला मिळाली नाही.

तिथल्याच मुलागो रुग्णालयात फिजिओथेरपी शिकवणाऱ्या नोएरीन कालीबांनी नवरा गेला त्याच वर्षी, १९८७ मध्ये, ‘टासो’ ही एड्सग्रस्तांना आधार देणारी संस्था सहकाऱ्यांसह उभी केली. तिचा लेखात उल्लेख नाही. परदेशी देणगीदारांची नावं मात्र चार. औषधंही म्हणे ‘पाश्चात्त्यांच्या कृपेने’ स्वस्त झाली! अहो, २००१ साली सिप्ला या औषध कंपनीने एड्सवर एकत्र घ्यायची तिन्ही औषधं वर्षाला ३५० डॉलरला देऊ केली, तेव्हा पाश्चात्त्य कंपन्यांचा भाव दहा हजारांच्या वर होता. सिप्ला मुंबईची. तुमचं कार्यालयही बहुधा तिथेच आहे.

शब्दकोडं अजून त्याच मुंगीच्या अक्षरात येतं, तेही बघावं.

आपली,
एक जुनी वाचक, डोंबिवली पूर्व
(मागच्या पत्राखाली पश्चिम छापलं होतंत.)