दोन हजार डुकरं आणि एक रानगाढव

पुणे

प्रिय सुधाकर,

सप्रेम नमस्कार.

परवा फोनवर तू म्हणालास, "तुमच्या बायबलनंच माणसाला जनावरांचा मालक करून टाकलं, पुढचा सगळा सत्यानाश तिथूनच." तू जनावरांच्या दवाखान्यात होतास, मागं कुणाची तरी म्हैस रेकत होती, म्हणून मी विषय वाढवला नाही. आता सवडीनं लिहितो. लांबण लागेल, चहा घेऊन बस.

हा आरोप जुना आहे. लिन व्हाइट नावाच्या मध्ययुगाच्या अमेरिकन अभ्यासकानं १९६७ साली 'सायन्स' साप्ताहिकात तो केला, आणि तेव्हापासून ख्रिस्ती पंडित त्याला उत्तरं देत बसलेत. बायबलच्या 'उत्पत्ती' या पहिल्या पुस्तकातल्या पहिल्या अध्यायाचं अठ्ठाविसावं वचन हे त्याचं मूळ. बहुगुणित व्हा, पृथ्वी व्यापून टाका, ती सत्तेखाली आणा, मासे, पाखरं, जमिनीवर फिरणारे जीव या सगळ्यांवर सत्ता चालवा. चर्चचं ठरलेलं उत्तर असं, की माणूस मालक नाही, देवाचा कारभारी आहे. मला या उत्तरानं कधी समाधान झालं नाही. आपल्याकडे इंग्रजसुद्धा कारभारी म्हणूनच आले होते. १८७८ च्या कायद्यानं त्यांनी जंगलं 'राखली', आणि ज्यांची गुरं पिढ्यान् पिढ्या तिथं चरत होती ती माणसं एका रात्रीत गुन्हेगार झाली. महात्मा फुल्यांनी 'शेतकऱ्याचा असूड'मध्ये जंगलखात्यावर जे कोरडे ओढलेत ते वाच, म्हणजे कारभारी या प्राण्याची ओळख पटेल.

म्हणून मी त्या वचनाकडे जातो तेव्हा एवढंच विचारतो, की ते कुणी, कुणासमोर, कशासाठी वाचलं?

१६२९ साल घे. जॉन विन्थ्रॉप नावाचा इंग्रज वकील अमेरिकेत वसाहत करायला निघण्याच्या तयारीत आहे. पुढच्या वर्षी तो मॅसॅच्युसेट्स बे वसाहतीचा गव्हर्नर म्हणून 'अरबेला' जहाजातून गेला. निघण्याआधी त्यानं कारणांची यादी लिहून काढली. आधी सांगतो, की सगळी पृथ्वी ही देवाची बाग आहे, उत्पत्तीत देवानं ती मशागतीच्या अटीवर माणसांना दिली. मग तिथल्या मूळ रहिवाशांचं काय? ते जमिनीला कुंपण घालत नाहीत, एका जागी घर करून राहत नाहीत, आणि जमीन सुधारायला त्यांच्याकडे पाळीव गुरं नाहीत. म्हणजे त्यांचा हक्क नुसता नैसर्गिक, कच्चा. त्यांच्यापुरती जमीन सोडली की उरलेली आपण घ्यायला हरकत नाही.

गुरं नाहीत, म्हणून जमीन नाही. सुधाकर, तू आयुष्यभर गोठ्यांतून फिरलास, पण गाईचा असा उपयोग तुझ्याही डोक्यात आला नसेल. लिन व्हाइट म्हणाला की या वचनानं माणूस जनावराच्या डोक्यावर बसला. खरं आहे, पण अर्धं. वचनानं माणसामाणसांतही वाटणी केली. जनावरावर सत्ता चालवतो तो पुरता माणूस, आणि जो हरणाच्या मागं रानात हिंडतो तो जवळजवळ हरणाच्याच रांगेतला.

पुढचा भाग आणखी कडू. वसाहतवाल्यांची डुकरं मोकाट सुटायची आणि मूळ रहिवाशांच्या मक्यात शिरायची. गोऱ्यांचं म्हणणं, कुंपण तुम्ही घाला. तरीही त्या लोकांतल्या काहींनी डुकरं पाळायला घेतली. त्यांच्यातला एक सरदार मेटाकॉम, ज्याला इंग्रज 'किंग फिलिप' म्हणायचे, त्यानं आपली डुकरं हॉग आयलंड नावाच्या बेटावर सोडली. 'हॉग' म्हणजे डुक्करच, बेटाचं नावच तसं. तर १६६९ साली पोर्ट्समाउथ गावानं त्याला फर्मावलं की तुझी डुकरं तिथून काढ! जनावर पाळत नाही म्हणून जमीन गेली, पाळलं तर तेही चालेना. सहा वर्षांनी त्याच्या नावानं ओळखलं जाणारं युद्ध पेटलं, त्यात वसाहतवाल्यांची गुरं जागोजागी मारली गेली. त्या गुरांचा दोष काय, हे त्यांना विचारणार कोण?

डुकरांवरून आठवलं. मार्कच्या शुभवर्तमानातल्या पाचव्या अध्यायातली येशूची गोष्ट तुला मी शाळेत असताना सांगितली होती, तू पोट धरून हसला होतास. गरसेकरांच्या मुलखात कबरस्तानात राहणारा एक भूतबाधा झालेला माणूस. साखळदंड तोडतो, दगडांनी स्वतःला ठेचून घेतो. येशू नाव विचारतो तर म्हणतो, माझं नाव सैन्य, कारण आम्ही पुष्कळ आहोत. मग ती भुतं डुकरांत शिरतात आणि सुमारे दोन हजारांचा कळप कड्यावरून धावत जाऊन समुद्रात बुडतो.

वसाहतींत दडपलेल्या लोकांच्या बाजूनं बायबल वाचणाऱ्यांना ही गोष्ट फार आवडते, आणि का ते उघड आहे. मूळ ग्रीकमध्ये त्या भुताचं नाव 'लेगिऑन' आहे, रोमन फौजेच्या मोठ्या तुकडीला तेच म्हणत. जेरुसलेम पाडणाऱ्या दहाव्या लेगिऑनच्या चिन्हांत रानडुक्कर होतं, जेरुसलेमात सापडलेल्या त्यांच्या कौलांवर तो शिक्का आहे. त्या काळचा ज्यू इतिहासकार जोसीफस लिहितो की ज्यू युद्धात रोमन सैन्यानं गरसात हजार तरुण मारले, बायकापोरं पकडली, घरं जाळली. अशा मुलखातला एक माणूस वेडा होतो आणि म्हणतो की माझ्यात फौज घुसली आहे. वसाहतवादाविरुद्ध लिहिणारा मानसोपचारतज्ज्ञ फ्रांत्झ फॅनॉन अल्जीरियातल्या ब्लिदाच्या मनोरुग्णालयात काम करत होता, पारतंत्र्य माणसाच्या डोक्यात कसं घुसतं ते त्यानं तिथं रोज पाहिलं. त्याच्या आधारानं काही अभ्यासकांनी ही गोष्ट वाचली, आणि मला ते वाचन पटतं. फौज डुकरांत जाते, डुकरं समुद्रात जातात. गुलामाच्या ओठांवरचा हा चोरटा विनोद आहे.

पण त्या दोन हजार डुकरांचं काय रे? तू जनावरांचा डॉक्टर, तू तर म्हणशील की डुकरं चांगली पोहतात, बुडतील कशी! संत ऑगस्टीननं याच गोष्टीवरून निष्कर्ष काढला की जनावरं मारायला नको म्हणणं ही निव्वळ अंधश्रद्धा, येशूनंच बघा डुकरांत भुतं घातली, जनावरांचं आणि आपलं सामाईक हक्काचं काही नातं नाही. ऑगस्टीनही आजच्या अल्जीरियातलाच, फॅनॉनच्या जवळजवळ दीड हजार वर्षं आधीचा. फॅनॉननं लिहून ठेवलंय की वसाहतवाला तिथल्या माणसांबद्दल बोलतो तेव्हा त्याच्या तोंडी प्राणिशास्त्राची भाषा असते. त्याच मातीत एकानं जनावराला हक्काबाहेर काढलं आणि दुसऱ्याला शतकांनंतर दिसलं की त्या बाहेरच्या अंगणात माणसंही ढकलली जातायत. मला जे तुला सांगायचंय ते एवढंच आहे. जनावराला काहीही केलं तरी चालतं हे एकदा ठरलं, की कुणालातरी जनावर म्हटलं की काम झालं.

आता मार्कचाच सातवा अध्याय, जो माझ्या घरात नीट ऐकला जात नसे. सोर प्रांतातली एक परक्या जातीची बाई येशूकडे येते, मुलीला बरं कर म्हणते. तो म्हणतो, आधी मुलांना तृप्त होऊ दे, मुलांची भाकर घेऊन कुत्र्यांना टाकणं बरं नाही. ती म्हणते, प्रभू, मेजाखाली कुत्रीदेखील मुलांच्या हातून पडलेला चुरा खातात. आणि तो म्हणतो, या बोलण्यामुळं जा, तुझी मुलगी बरी झाली. आमच्या चर्चचे पाळक यावर नम्रतेचं प्रवचन करायचे. आजी मात्र देवळातून घरी येताना म्हणायची, "बाईनं सोडलं न्हाई त्याला."

आजीला हे कुठून कळलं ते तुला सांगायला नको. गावाबाहेरच्या वस्तीत जन्मलेली ती, तिला मेजाखालची जागा माहीत होती. महाडच्या चवदार तळ्यावर जनावरं पाणी प्यायची आणि आमच्यासारख्यांना मनाई होती. २० मार्च १९२७ ला बाबासाहेबांनी तिथलं पाणी ओंजळीत घेतलं, आणि नंतर सनातन्यांनी तळं शुद्ध केलं ते कशानं? शेण, गोमूत्र, दूध, दही. माणसाचा विटाळ गाईच्या शेणानं धुतला! १९३१ साली गांधीजींना बाबासाहेब म्हणाले, की जिथं आम्हाला कुत्र्यामांजरांपेक्षा वाईट वागवतात त्या देशाला मी माझा देश कसा म्हणू. हे सगळं ठाऊक असलेला मराठी ख्रिस्ती माणूस मार्कचा सातवा अध्याय वाचतो तेव्हा त्याच्या कानात ते वचन निराळंच वाजतं. बोट्स्वानाच्या बायबल-अभ्यासक मुसा डुबे यांनी मत्तयाच्या शुभवर्तमानातल्या याच गोष्टीवर लिहिलंय. तिथं ही बाई कनानी आहे, म्हणजे जिच्या लोकांची जमीन पूर्वी देवाच्या नावानं काढून घेतली गेली त्यातली. त्या विचारतात, की बाईच्या श्रद्धेचं कौतुक करताना तिच्या जमिनीचं काय झालं ते आपण का विसरतो?

तरी गोष्ट इतकी सरळ नाही. सोर हे श्रीमंत बंदर होतं, गालीलच्या शेतांतलं धान्य तिकडे जायचं. बायबलमधल्या 'प्रेषितांची कृत्ये' या पुस्तकात स्वच्छ लिहिलंय की सोर-सीदोनचं पोट हेरोद राजाच्या मुलखावर चालायचं. म्हणजे भाकर कुणाची कोण खात होतं, हा प्रश्न तिथं खराच होता, आणि येशूच्या त्या कडवट बोलण्यामागं गालीलच्या भुकेल्या शेतकऱ्याचा राग असू शकतो, असं गेर्ड टाइसन नावाचे जर्मन अभ्यासक म्हणतात. मला हे वाचून बरं वाटलं आणि वाईटही. राग समजतो. पण तो एका आजारी पोरीवर निघावा?

आणि आम्ही सगळे, आजीसकट, एक गोष्ट गृहीत धरतो. आम्ही कुत्री नाही, हे सिद्ध करण्यात आमचा सगळा जीव जातो. त्या कुत्र्याला मात्र आम्ही मेजाखालीच सोडून येतो. बाईनं तसं केलं नाही बघ. "मी कुत्री नाही" असं ती म्हणालीच नाही. ती म्हणाली, कुत्रीसुद्धा त्याच घरात खातात. मला हे वाक्य अलीकडे फार धाडसी वाटायला लागलंय. माझ्या चर्चच्या मंडळीत हे बोलून दाखवलं तर दोघे-तिघे उठून जातील, आणि त्यांचं चुकलं असं मी म्हणणार नाही. ज्याच्या आज्याला पाणवठ्यावरून हाकललं त्याला कुत्र्याशेजारी बस म्हणणारा मी कोण? हे गणित माझ्याकडून सुटलेलं नाही.

तुझ्या आजोबांच्या खळ्यावर आपण खेळायचो, तेव्हा तिवड्याभोवती फिरणाऱ्या बैलांना ते मुसकी घालू देत नसत. बायबलमधल्या 'अनुवाद' नावाच्या पुस्तकात नेमका तोच नियम आहे, मळणी करणाऱ्या बैलाला मुसकं बांधू नको. आणि प्रेषित पौल करिंथ शहरातल्या ख्रिस्ती मंडळीला लिहिताना ते वचन घेतो आणि विचारतो, देवाला काय बैलांची काळजी आहे? हे आपल्यासाठीच लिहिलंय! पौल शहरी माणूस, तंबू शिवणारा. तुझ्या आजोबांनी त्याला खळ्यावर बसवून घेऊन समजावलं असतं.

आता तुझ्या आरोपाच्या विरुद्ध माझा साक्षीदार. ईयोब, म्हणजे बायबलमधलं सगळं गमावलेल्या माणसाचं पुस्तक. अडतीस ते एकेचाळीस हे चार अध्याय. ईयोब देवाला जाब विचारतो आणि देव उत्तर देतो ते सिंह, कावळे, रानबकऱ्या, शहामृग, ससाणा यांची नावं घेत. पाळीव म्हणावा असा एक लढाईतला घोडा, तोही भीतीला हसणारा. जिथं माणूसच नाही अशा रानावर पाऊस कोण पाडतो, असं देव विचारतो. म्हणजे विन्थ्रॉपची 'मशागतीची अट' तिथंच निकालात निघाली. आणि रानगाढव! त्याचे दोर कुणी सोडले, असा प्रश्न आहे. ते शहराच्या गजबजाटाला हसतं, हाकणाऱ्याची ओरड ऐकत नाही. बायबलमध्ये स्वातंत्र्याचं इतकं बेगुमान चित्र दुसरं नसेल, आणि ते एका गाढवाचं आहे. पुढं पाणघोड्यासारख्या त्या बेहेमोथबद्दल देव ईयोबाला सांगतो, की तुझ्याबरोबर मी त्यालाही घडवलं. बरोबर, खाली नाही.

पण ज्या रानगाढवाबद्दल हे लिहिलं असावं, ते सीरियातलं रानगाढव आज जगात नाही. पहिल्या महायुद्धानं त्या वाळवंटात बंदुका आणि मोटारी आणल्या, आणि काही वर्षांत ते संपलं. बंदिस्त असलेलं शेवटचं व्हिएन्नाच्या शॉनब्रुन प्राणिसंग्रहालयात मेलं. साम्राज्यांची भांडणं, आणि त्यात ज्याला कुणीच हाकू शकत नव्हतं ते जनावर गेलं. ईयोबावरची भाष्यं मी बरीच वाचली, त्यातल्या फार थोड्यांना याची दखल घ्यावीशी वाटली.

त्याचा चुलतभाऊ कच्छच्या छोट्या रणात आहे, घुडखर. तू नोकरीत असताना एकदा पाहिलंस असं म्हणाला होतास, मी नाही. पावसाळ्यानंतर अभयारण्य उघडलं की जाऊ या. वहिनींना विचार, त्या येत असतील तर हिलाही तयार करतो. तोवर ते चार अध्याय वाचून ठेव, तुझं बायबल नसेल तर पोस्टानं पाठवतो. आणि डुकरांच्या पोहण्याबद्दल मला नीट लिहून पाठव, थट्टा नको. पुढच्या महिन्यात मार्कचा पाचवा अध्याय मलाच घ्यायचाय.

तुझा,
विजय