‘शासकीय शुल्क’ म्हणून घेतलेली रक्कम परत मिळण्याबाबत

प्रति,
व्यवस्थापक, ग्राहक तक्रार विभाग,
इमिग्रेशन सल्लागार कंपनी, पुणे शाखा

विषय : अमेरिकेच्या इमिग्रंट व्हिसाची सरकारी फी जास्त आकारणे, ती न भरणे आणि भरल्याचे खोटे सांगणे

महोदय,

माझ्या बहिणीने २००६ साली आमच्यासाठी अर्ज दाखल केला, तेव्हा माझी मुलगी बालवाडीतही जात नव्हती. आज ती इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला आहे. भावंडांच्या एफ-४ वर्गात भारतीयांची रांग किती लांब आहे, हे तुम्हाला सांगायला नको. एवढ्या वर्षांनी नॅशनल व्हिसा सेंटरकडून, म्हणजे अमेरिकी परराष्ट्र खात्याच्या व्हिसा केंद्राकडून, फी भरण्याची सूचना आली आणि या टप्प्यावर काही चुकू नये म्हणूनच आम्ही तुमच्याकडे आलो. तुमची सल्ल्याची फी वेगळी ठरली होती. ती मी पूर्ण दिली आहे आणि तिच्याबद्दल माझी तक्रार नाही. तक्रार आहे ती ‘शासकीय शुल्क’ म्हणून घेतलेल्या १,८०,७०३ रुपयांबद्दल.

तुमच्या बिलात माझी, पत्नीची आणि मुलीची अशी तीन नावे आहेत. माणशी ६८० डॉलर, दर ८६ रुपये आणि वर ३ टक्के ‘कार्ड सरचार्ज’. हा आकडा कशाचा, असे विचारल्यावर तुमच्या माणसाने ‘सगळी अमेरिकन सरकारची फी आहे, त्यात आमचा एक रुपयाही नाही’ असे उत्तर दिले. आम्ही विश्वास ठेवला.

आता प्रत्यक्षात काय आहे ते पाहू. नॅशनल व्हिसा सेंटरला दोन फी लागतात. बहिणीच्या आर्थिक हमीपत्राच्या तपासणीची फी १२० डॉलर. ही पूर्ण केसला मिळून एकदाच असते, तुम्ही ती तिघांकडून वेगवेगळी लावली. दुसरी व्हिसा अर्जाची, माणशी ३२५ डॉलर. म्हणजे आमच्या केसचे १,०९५ डॉलर होतात, तुमच्याच दराने ९४,१७० रुपये. उरलेल्यात माणशी २३५ डॉलर आहेत, ती यूएससीआयएसची, म्हणजे अमेरिकेच्या इमिग्रेशन विभागाची, इमिग्रंट फी. ती व्हिसा हातात पडल्यावर भरायची असते. आमची अजून मुंबईच्या वकिलातीतली मुलाखतही ठरलेली नाही. मग हे ६०,६३० रुपये आत्तापासून तुमच्याकडे कशासाठी?

कार्ड सरचार्जचे तर मला सर्वांत वाईट वाटले. नॅशनल व्हिसा सेंटरच्या या दोन्ही फी कार्डाने भरताच येत नाहीत. अमेरिकेतल्या बँकेचे खाते लागते, राउटिंग नंबर (बँकेचा ओळख क्रमांक) आणि खाते क्रमांक टाकून पैसे वळते होतात. जे कार्ड कधी वापरलेच जाणार नव्हते, त्याच्या नावाने तुम्ही ५,२६३ रुपये घेतले. बहिणीचे अमेरिकेत खाते आहे, ती भरेल, असे मी पहिल्याच भेटीत म्हटले होते. ‘फी फक्त नोंदणीकृत एजंटच भरू शकतो’ असे मला सांगण्यात आले. हे साफ खोटे होते.

पैसे दिल्यानंतर मी वरचेवर पावती मागितली. ‘सिस्टीममध्ये आहे’, ‘फी भरली आहे, काळजी करू नका’ एवढेच ऐकायला मिळाले. पत्रव्यवहार कोणाकडे करायचा हे कळवणाऱ्या डीएस-२६१ फॉर्ममध्ये एजंट म्हणून तुम्ही स्वतःचे नाव आणि ईमेल टाकल्यामुळे व्हिसा सेंटरची सगळी पत्रे तुमच्याकडे येत होती. केस ऑनलाइन उघडायला लागणारा इनव्हॉइस आयडी क्रमांकसुद्धा तुम्ही आम्हाला दिला नाही, त्यामुळे आम्हाला आमचीच केस उघडून पाहता येईना. शेवटी बहिणीने अर्जदार म्हणून व्हिसा सेंटरला विचारणा केली आणि क्रमांक मिळवला. रात्री तिने स्क्रीनचा फोटो पाठवला. हमीपत्राच्या फीपुढे ‘पेड’ होते. खाली आमची तीन नावे, प्रत्येकापुढे ३२५ डॉलर आणि ‘अनपेड’.

यातला धोका तुमच्यासारख्या व्यावसायिकांना माहीत नसेल असे मी मानत नाही. एकवीस वर्षांखालचे मूलच आईवडिलांच्या केसमध्ये राहू शकते आणि आमची मुलगी एकवीस ओलांडून गेली आहे. केवळ अमेरिकेच्या बाल दर्जा संरक्षण कायद्यामुळे, म्हणजे मूळ अर्ज मंजूर व्हायला लागलेला काळ वयातून वजा होतो म्हणून, ती अजून आमच्या केसमध्ये आहे. पण त्यासाठी व्हिसा क्रमांक उपलब्ध झाल्यापासून, म्हणजे रांगेत आपली पाळी आल्यापासून, एका वर्षाच्या आत तिच्या बाजूने पाऊल उचललेले दिसावे लागते. फी भरणे आणि डीएस-२६० हा व्हिसाचा ऑनलाइन अर्ज भरणे ही ती पावले. फी जमा झाल्याशिवाय डीएस-२६० उघडतच नाही. आमची फी तुमच्या खात्यात पडून होती आणि इकडे ते वर्ष सरत होते. आईवडिलांना व्हिसा आणि मुलगी मागे, अशी पाळी आमच्या घरावर आली असती, तर तुम्ही कोणती भरपाई देणार होता?

बहिणीने त्याच रात्री आपल्या खात्यातून ९७५ डॉलर भरले. चार-पाच दिवसांत तिन्ही नावांपुढे ‘पेड’ आले आणि आम्ही फॉर्म भरले. पोलीस क्लिअरन्ससाठी पासपोर्ट कार्यालयाचे माणशी ५०० रुपयेही आम्हीच भरले, त्याची रीतसर पावती मिळाली. पावती देणे एवढे अवघड नसते.

पैसे परत मागितल्यावर तुमच्या शाखेने ‘सरकारी फी नॉन-रिफंडेबल असते’ असे कळवले. सरकारकडे गेलेली फी परत मिळत नाही, हे मला मान्य आहे. ही रक्कम सरकारकडे गेलेलीच नाही. तुम्ही आमच्या वतीने भरलेले फक्त १२० डॉलर दिसतात, म्हणजे १०,३२० रुपये.

म्हणून माझ्या मागण्या अशा. १,८०,७०३ रुपयांतून १०,३२० वजा करून उरलेले १,७०,३८३ रुपये हे पत्र मिळाल्यापासून १५ दिवसांत माझ्या बँक खात्यात जमा करावेत. भरलेल्या १२० डॉलरची पावती आणि व्हिसा सेंटरकडून तुम्हाला आलेले प्रत्येक पत्र माझ्या ईमेलवर पाठवावे. आमच्या केसचे एजंट म्हणून तुम्ही यापुढे काम करत नाही, हे लेखी द्यावे. फी भरली असे फोनवर कोणाच्या सांगण्यावरून सांगितले गेले, त्याचाही लेखी खुलासा हवा.

मुदतीत रक्कम आली नाही, तर मी राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ वर तक्रार नोंदवीन आणि ग्राहक संरक्षण कायदा २०१९ नुसार जिल्हा ग्राहक आयोगात दाद मागेन. तिथे मूळ रकमेबरोबर व्याज आणि मनस्तापाची भरपाईही मागितली जाईल.

आपला,
(सही)

सोबत : तुमचे बिल, बँकेतून रक्कम दिल्याचा उतारा, बहिणीने पाठवलेला स्क्रीनचा फोटो, तिने भरलेल्या ९७५ डॉलरची पावती