रविवारचा खेळ : वेळेवर या, सुरुवात चुकवू नका

सभासद मित्रहो,

रविवारी संध्याकाळी ठीक ६ वाजता नेहमीच्या सभागृहात दिग्दर्शक आकी कौरिसमाकी यांचा चित्रपट ‘द मॅच फॅक्टरी गर्ल’ (१९९०) दाखवत आहोत. फिनलंडचे छायालेखक तिमो साल्मिनेन यांच्या कामावरचा हा पहिला खेळ. १९८० च्या दशकापासून कौरिसमाकींचे जवळजवळ सगळे चित्रपट त्यांनीच टिपले आहेत.

दारं ६ ला बंद होतील, कारण सुरुवातच सगळ्यात मोलाची आहे. लाकडाचा ओंडका सोलला जातो, त्याच्या आगकाड्या होतात, काडेपेट्या भरून पट्ट्यावरून पुढे सरकतात. बराच वेळ नुसती यंत्रं आणि त्यांचा आवाज. मग त्या पट्ट्याशेजारी उभी असलेली नायिका आयरिस दिसते. एवढ्यातच तिचं अख्खं आयुष्य कळतं, संवादाची गरजच पडत नाही.

साल्मिनेन यांचा कॅमेरा फारसा हलत नाही. भिंतीवर ठसठशीत सावली पडेल असा प्रखर प्रकाश आणि ठाम रंग ही त्यांची ओळख. रिकामी खुर्ची, टेबलावरचा ग्लास यांनाही ते माणसाइतकाच मान देतात. मला तरी त्यांची ही माया सगळ्यात जवळची वाटते.

चित्रपट जेमतेम ७० मिनिटांचा आहे, तेव्हा तेवढा वेळ मोबाइल कृपया पूर्ण बंद ठेवा; स्क्रीनचा उजेडसुद्धा त्या अंधाराला खुपतो. पुढच्या महिन्यात त्यांचाच कृष्णधवल मूकपट ‘युहा’ (१९९९) लावू.

नंतर चहा आहेच. येणाऱ्यांनी शुक्रवारपर्यंत गटावर नाव कळवावे.