बास ऐकण्यासाठी एक अल्बम

प्रिय मित्रा,

सप्रेम नमस्कार.

जॅझ कुठून ऐकायला लागावे, असे तू विचारले होतेस. मी एकच नाव सुचवतो: बिल एव्हान्स ट्रायोचा ‘संडे ॲट द व्हिलेज व्हॅनगार्ड’. 25 जून 1961 या रविवारी न्यूयॉर्कच्या त्या तळघरातल्या क्लबात दुपारपासून रात्रीपर्यंत झालेल्या पाच बैठकींचे ध्वनिमुद्रण केले गेले आणि त्यातून हा अल्बम निघाला. पियानोवर एव्हान्स, डबल बासवर (खालच्या स्वरांचे मोठे तंतुवाद्य, थोडक्यात बास) स्कॉट लाफारो आणि ड्रम्सवर पॉल मोशियन.

तू तबला वाजवतोस, म्हणून एक गोष्ट मुद्दाम लिहितो. एरवी अशा त्रयीत बासवादक मात्रेमात्रेवर एकेक स्वर ठेवत, आपल्याकडच्या लेहऱ्यासारखा, इतरांना आधार देत राहतो. लाफारो ते बंधन फारसे मानत नाही. पियानोचे वाक्य पुरे होण्याआधीच तो आपले वाक्य सुरू करतो, कधी वरच्या सप्तकात जाऊन पियानोलाच प्रश्न विचारतो. एव्हान्सही डाव्या हाताच्या स्वरसमूहांतून मूळ स्वर बहुधा वगळतो, त्यामुळे खालची सारी जागा बासला मोकळी मिळते. मोशियन काठ्यांऐवजी तारांच्या ब्रशने लय नुसती सुचवतो. सम कोणी दाखवत नाही, तरी तिघांपैकी कोणी चुकत नाही.

यातली ‘ऑल ऑफ यू’ ही रचना ऐकताना मागे ग्लासांची किणकिण आणि लोकांच्या गप्पा स्पष्ट ऐकू येतात. काहींना त्याचा राग येतो; मला मात्र इतके नाजूक वादन अशा गोंगाटात झाले याचेच नवल वाटते.

या मुद्रणानंतर अकराव्या दिवशी, 6 जुलैला, लाफारो मोटार अपघातात गेला. वय अवघे 25. एव्हान्सने पुढे कित्येक महिने जाहीर वादन जवळजवळ बंदच केले. निर्माते ऑरिन कीपन्यूज आणि एव्हान्स यांनी अल्बमसाठी लाफारोचे वादन उठून दिसेल अशाच रचना निवडल्या, आणि सुरुवातीला व शेवटी त्याच्याच दोन रचना ठेवल्या: ‘ग्लोरियाज स्टेप’ आणि ‘जेड व्हिजन्स’. दुसरी नऊ मात्रांची आहे. ती तुला विशेष आवडेल.

मोबाइलच्या स्पीकरवर मात्र ऐकू नकोस; त्यात बास हरवतो, म्हणजे अर्धा अल्बमच हरवतो. आणि यातल्याच ‘सोलर’ या वादनाविषयी तुझे मत अवश्य कळव. मला ते जरा लांबलेले वाटते.

तुझा मित्र