बांधापलीकडचं हनोई

हनोई, 2 नोव्हेंबर 2025

प्रिय विजू,

पत्र मिळालं. डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात येतोयस आणि 20 तारखेपर्यंत आहेस, तर एक सकाळ सायकल टूरला दे. पण जुन्या बाजारपेठेतल्या छत्तीस गल्ल्या दाखवणाऱ्या टूरवर पैसे घालवू नकोस, त्या पायीच बघायच्या. बात चांगचं कुंभारगाव दाखवणारी टूरही राहू दे. जाऊन-येऊन पंचवीसेक किलोमीटर आणि त्यातले बरेच ट्रकच्या धुरात. सायकलवरून बघायचं ते बांधापलीकडचं हनोई.

हा बांध काय ते आधी सांगतो. ‘हा नोई’ म्हणजे नदीच्या आत. सम्राट मिन्ह मांगने 1831 मध्ये हे नाव दिलं. पण शहर खरं तर बांधाच्या आत आहे. आउ को, ङी ताम, येन फू, चान न्यात झुआत हे नकाशावर ओळीने दिसणारे रस्ते या बांधावरचे किंवा त्याला लागूनचे. त्यांच्या कडेला सिरॅमिकच्या तुकड्यांची चित्रं असलेली जवळजवळ चार किलोमीटर लांब भिंत दिसेल. शहराला हजार वर्षं झाली तेव्हा, 2010 मध्ये, ती पुरी झाली. फोटो काढणारे पुष्कळ, पण ती पुराची भिंत आहे हे फार थोड्यांच्या लक्षात येतं. तिच्यात मधेमधे रस्त्याएवढी दारं सोडलीत. अशा दाराशी सायकल थांबव आणि दोन्ही कडांना बोट फिरव. उभ्या खाचा लागतील. पाणी चढलं की त्या खाचांत फळ्या सरकवतात, मागे वाळूची पोती रचतात आणि दार बंद करतात. त्या फळ्यांच्या नदीकडच्या बाजूला जे राहतात ते ‘ङोआइ दे’, म्हणजे बांधाबाहेरचे.

(आपल्या बाराखडीतला ङ, वाङ्मयापुरता उरलेला, इथे शब्दाच्या सुरुवातीला येतो. तोंडात बसेपर्यंत ‘गंगा’तला ‘ङ्‌’ धरून ठेव आणि ‘गा’ सोडून दे.)

तू सांगलीचा, त्यामुळे हे तुला फोड करून सांगायला नको. तुम्ही आयर्विन पुलावर कृष्णेचं पाणी फुटांत मोजता, इथे लाल नदीवर मीटरमध्ये. इशारा पातळ्या तीन: साडेनऊ, साडेदहा आणि साडेअकरा. सप्टेंबर 2024 मध्ये यागी वादळानंतर पाणी तिसऱ्या पातळीच्या जेमतेम खाली थांबलं. आतलं शहर बहुतेक कोरडं राहिलं, बाहेरच्या वस्त्यांमधून माणसं हलवावी लागली. बांधाबाहेरच्या फुक तान वस्तीत शिरलास की घरांच्या भिंतींवर ओलीचा पट्टा शोध.

आता टूर ठरवताना काय विचारायचं ते. एका गटात माणसं किती? सहाच्या वर असतील आणि मागे दुसरा गाइड नसेल तर नको म्हण. गल्ल्यांत गट लांबतो, मधल्या वळणाला शेवटचा माणूस चुकतो आणि अर्धा तास त्याला शोधण्यात जातो. सुटी ट्यूब, पंप आणि टायर काढायच्या पट्ट्या गाइडजवळ असतात का, तेही विचार. निघायची वेळ सहाची मागून घे. बऱ्याच टूर साडेसात-आठला निघतात आणि तोवर लाल नदीवरच्या लाँग बियन पुलावर मोटारसायकलींची रांग लागलेली असते. डिसेंबरात सूर्य साडेसहाच्या सुमारास उगवतो, म्हणून पुढचा-मागचा दिवा हवा.

सायकल हातात आली की लगेच पेडल मारू नकोस. टाच पेडलवर ठेव. पेडल तळाशी असताना पाय सरळ व्हायला हवा. बहुतेक सायकली बुटक्या माणसाच्या मापाने लावलेल्या असतात आणि तू सहा फुटी, तेव्हा दहा किलोमीटरवर गुडघे बोलायला लागतील. सीटचा दांडा ओढताना त्यावर कोरलेली शेवटची खूण बाहेर येऊ देऊ नकोस. मग एकेक ब्रेक दाबून सायकल ढकलून बघ: कोणत्या हाताने कोणतं चाक धरतं? आपल्या सवयीवर जाऊ नकोस. टायर अंगठ्याने दाबून दबला तर हवा भरून घे. पुलावरच्या सांध्यांच्या कडा हवा कमी असलेल्या टायरमध्ये ट्यूब चिमटून दोन भोकं पाडतात. दीड इंचाहून बारीक टायर तर नकोच.

वाहतूक उजवीकडून आहे, हे कळायला सोपं. पण दचकलं की आपलं अंग डावीकडे ओढ घेतं आणि इथे तिकडून समोरचा येत असतो. म्हणून पहिले दोन किलोमीटर गाइडच्या मागच्या चाकाकडे बघ. गल्लीतून बाहेर पडताना आधी डावीकडे मान वळव. उलट बाजूने येणारे असतात, म्हणून मग उजवीकडेही. चौकात वेग एकसारखा ठेव. मोटारसायकलवाले तुझ्या वेगाचा अंदाज घेऊन बगलेतून निघतात. मधेच थांबलास की तो अंदाज चुकतो.

गंमत म्हणजे लाँग बियन पुलावर सगळं फिरतं. तिथे वाहनं डावीकडून चालतात, अगदी आपल्यासारखी. मधून मीटर गेजचा एकच रूळ, दोन्ही अंगांना दुचाकींची चिंचोळी वाट, त्याच्या बाहेर पायवाट. मोटारींना बंदी. पूल 1899 ते 1902 या काळात बांधला. टोकाशी ‘दाइदे ए पिये, पॅरिस’ अशी बांधणाऱ्यांची लोखंडी पाटी अजून आहे. सायकलवरून लोखंडाच्या आकाराकडे लक्ष ठेव. उंटाच्या पाठीसारखे वर चढणारे सांगाडे मूळचे आणि मधला सपाट बुटका भाग 1967 आणि 1972 च्या अमेरिकी बॉम्बफेकीत उडालेल्या जागी नंतर बसवलेला. आगगाडी आली की पाय टेकव आणि कठड्याला हात लाव, सगळा पूल थरथरतो. पायवाटेवरच्या काँक्रीटच्या लाद्यांवर सायकल घालू नकोस, फटींतून खालचं पाणी दिसतं. दोन्ही वाटा एकेरी आहेत, त्यामुळे काही राहून गेलं तरी जागच्या जागी वळायचं नाही. पलीकडे जाऊन दुसऱ्या अंगाने परत यायचं.

मध्यावर खाली उतरायची वाट आहे, ती बाई झ्यूआ या नदीतल्या बेटावर जाते. उतरून सायकल हाताने ने. मागचा ब्रेक दाबत जा, पुढचा दाबलास तर ती पुढे लोळेल. खाली केळी, मका, भाजीपाला. डोक्यावर शहराचा आवाज आणि खाली कोंबड्या. माती नदीने आणलेली, मऊ आणि चिवट. पाऊस पडून गेला असेल तर मडगार्ड आणि टायरच्या मधे भरून चाकच अडकतं. तेव्हा जोर लावून पेडल मारू नकोस, चेन उतरते. वाळक्या काटकीने गाळ ढकलून काढायचा. डिसेंबरात नदी उतरलेली असते, त्यामुळे बहुतेक कोरडंच मिळेल.

पुलाजवळच फुक तान. नदीकाठी जिथे कचऱ्याचा उकिरडा होता तिथे 2020 मध्ये कलाकारांनी टाकाऊ पिंपं, बाटल्या, पत्रे वापरून कलाकृती उभ्या केल्या. मला त्यांच्यापेक्षा मागच्या गल्ल्या जास्त आवडतात, पण गाइड थांबवेलच. नकाशावर एक घोटाळा होईल: 1 जुलै 2025 पासून हनोईतले जिल्हे रद्द झाले आणि फुक तान होंग हा या मोठ्या वॉर्डात गेलं. लोक अजून जुनंच नाव सांगतात.

पत्ते वाचायची रीतही सांगून ठेवतो. ‘ङो’ म्हणजे गल्ली, ‘ङाइक’ म्हणजे तिची पोटगल्ली. गल्लीला बहुधा नाव नसतं, तोंडाशी असलेल्या घरांच्या अनुक्रमातला नंबर असतो. पाटीवर 55/12 असेल तर 55 नंबरच्या गल्लीतली 12 नंबरची पोटगल्ली. हे ङोक हा नावाच्या भागात कामाला येईल. होआंग होआ थाम रस्त्यावरून आत गेलं की घरांनी वेढलेलं हू तिएप नावाचं तळं लागतं आणि त्यातून 27 डिसेंबर 1972 च्या रात्री पाडलेल्या बी-52 विमानाचा तुकडा वर आलेला दिसतो. शेजारी भाजी, कपडे वाळत घातलेले, शाळेची पोरं. वाटेत ‘ङू सा’ पण आहे, पितळ-काशाच्या ओतकामाची जुनी वस्ती. आता तिथे ओतारी कमी आणि फो कुओन (तांदळाच्या पातळ पापुद्र्यात सारण गुंडाळलेला पदार्थ) विकणारे जास्त.

वेळ उरली तर पश्चिम तळ्याची पूर्ण फेरी नको, ती सतराएक किलोमीटर आहे आणि अर्धी कॅफेंचीच. कमळंही डिसेंबरात नसतात. त्यापेक्षा सरळ न्यात तान गाठ. पीच फुलांच्या बागा पूर्वी बांधाच्या आत होत्या. तिथे इमारती झाल्या आणि बागा बाहेर गाळाच्या जमिनीवर गेल्या. नेमक्या म्हणूनच 2024 च्या पुरात बुडाल्या. मुळं काही दिवस पाण्यात राहिली की पीच कुजतं. तू येशील तेव्हा पानं ओरबाडायचं काम चालू असेल. तेत, म्हणजे त्यांचं नववर्ष, 17 फेब्रुवारीला आहे. त्याच्या साधारण दोन महिने आधी झाडाचं एकेक पान हाताने काढतात, म्हणजे जोर कळ्यांत जातो आणि फुलं नेमकी सणाला उमलतात. थंडी फार पडली तर उशीर, उकाडा झाला तर घाई, आणि सणानंतर फुललेल्या फांदीला गिऱ्हाईक नाही. त्या बायका वेगाने काम करत असतात, फांदीला हात लावू नकोस.

खाण्याचं. तू अजून शाकाहारी असशील तर इथे ‘चाय’ म्हण, चहा नव्हे, शाकाहारी जेवण मिळेल. आणि सकाळी टोपलीतून पिवळा चिकट भात विकतात, सोइ सेओ. वर मुगाच्या डाळीची भुकटी आणि तळलेला कांदा, बघूनच घ्यावासा वाटतो. पण त्यावर चमच्याने कोंबडीची किंवा डुकराची चरबी सोडतात. चमचा हलायच्या आधी हात आडवा कर. वरकरणी भाजीच्या दिसणाऱ्या पदार्थांतही न्युओक माम, म्हणजे माशांचा खारा रस, बहुधा असतो. 20 डिसेंबरला मात्र त्यांच्या चांद्र महिन्याचा पहिला दिवस आहे (अमावास्येलाच त्यांचा महिना सुरू होतो). पहिल्या आणि पंधराव्या दिवशी पुष्कळजण चाय खातात, त्या दिवशी फार शोधावं लागणार नाही.

सकाळी गार असेल, विंडचीटर आण. हिवाळ्यात हवा खराब असते, चांगला मास्क आण, कापडी नको.

आणि एक काम कर. घरच्या सायकलवर पेडल तळाशी असताना पेडलपासून सीटच्या वरच्या कडेपर्यंत टेप लावून माप सेंटीमीटरमध्ये कळव. मोठ्या फ्रेमच्या सायकली टूरवाल्यांकडे एक-दोनच असतात, आधी सांगून अडवून ठेवाव्या लागतात.

वहिनींना नमस्कार.

तुझा,
अनिल